बेर्ट हान्स्ट्रा आणि कंपन्यांनी करवून घेतलेले चित्रपट: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

कंपनीच्या पैशातून तयार झालेला चित्रपट म्हटला की चकचकीत यंत्रे, खुर्चीत ताठ बसलेले अध्यक्ष आणि पार्श्वनिवेदकाचा घोटीव आवाज एवढेच डोळ्यांपुढे येते. नेदरलँड्समध्ये मात्र अशाच कामांवर ज्याची उमेदीची वर्षे गेली आणि ज्याने त्याच कामांतून देशाला पहिले ऑस्कर मिळवून दिले, असा एक दिग्दर्शक होऊन गेला. त्यांच्याविषयी, आणि एकूणच डच प्रायोजित चित्रपटांच्या परंपरेविषयी, जे प्रश्न पुन्हापुन्हा विचारले जातात त्यांची उत्तरे येथे एकत्र दिली आहेत.

प्रश्न: बेर्ट हान्स्ट्रा कोण होते?

हान्स्ट्रा यांचा जन्म ३१ मे १९१६ रोजी नेदरलँड्सच्या पूर्वेकडील ओव्हरआयसेल प्रांतातल्या एस्पेलो या खेड्यात झाला आणि मृत्यू २३ ऑक्टोबर १९९७ रोजी हिल्फरसम येथे. वडील शिक्षक होते आणि चित्रकारही. स्वतः हान्स्ट्रा आधी चित्रकलेकडे वळले, मग छायाचित्रणाकडे, आणि दुसरे महायुद्ध संपल्यावर, म्हणजे तिशी ओलांडल्यावर, चित्रपटाकडे. पुढच्या चार दशकांत त्यांनी तेल कंपनीसाठी, काच कारखान्यासाठी आणि सरकारी खात्यांसाठी माहितीपट केले, कथापट केले, छुप्या कॅमेऱ्याचे लघुपट केले आणि प्राण्यांच्या वर्तनावरचे मोठे माहितीपटही केले. डच प्रेक्षकांच्या एका पिढीने त्यांचे चित्रपट तिकीट काढून, रांगा लावून पाहिले. माहितीपटकाराच्या वाट्याला हे भाग्य क्वचितच येते.

प्रश्न: त्यांना जाहिरातपटांचे दिग्दर्शक म्हणणे योग्य ठरेल का?

काटेकोरपणे बोलायचे तर नाही. जाहिरातपट म्हणजे वस्तू विकण्यासाठी केलेला काही सेकंदांचा किंवा फार तर दोन-तीन मिनिटांचा तुकडा, आणि तो हान्स्ट्रा यांचा प्रांत नव्हता. त्यांनी केले ते प्रायोजित माहितीपट, ज्यांना आज आपण कॉर्पोरेट फिल्म म्हणतो. पैसा कंपनीचा असतो आणि विषयही कंपनीच्या कामाशी निगडित असतो, पण पडद्यावर 'हे विकत घ्या' असे कोणी म्हणत नाही. कंपनीला हवे असते ते नाव, आणि आपल्या उद्योगाबद्दल लोकांच्या मनात एक प्रकारचा आदर.

जाहिरातपटांचा डच इतिहास वेगळा आहे आणि तोही कमी रंजक नाही. मूळचे हंगेरीचे जॉर्ज पाल १९३०च्या दशकात आइंडहोव्हनमध्ये फिलिप्ससाठी बाहुल्यांचे जाहिरातपट करत होते आणि १९३९ मध्ये अमेरिकेला गेले. नंतर योप खेसिंक यांनी ॲमस्टरडॅममध्ये 'डॉलीवुड' नावाचा बाहुलीपटांचा स्टुडिओ उभा केला. डच दूरचित्रवाणीवर जाहिराती सुरू झाल्या त्या थेट २ जानेवारी १९६७ रोजी, 'स्टर' या संस्थेमार्फत. दोन जाहिरातींच्या मध्ये दिसणारा खेसिंक यांचा लुकी नावाचा छोटा सिंह १९७२ पासून पुढे तीन दशके इतका लाडका झाला की लोक जाहिरातींपेक्षा त्याचीच वाट पाहत. हान्स्ट्रा यांची जडणघडण मात्र दूरचित्रवाणीवरील जाहिरातींच्या आधीच्या काळातली आहे, आणि त्यांच्या कामाचा संथपणा व ऐसपैसपणा पुष्कळसा त्यातूनच आलेला आहे.

प्रश्न: चित्रपटसृष्टीत त्यांचे नाव प्रथम कशामुळे झाले?

'हॉलंडचा आरसा' या १९५० मधल्या लघुपटामुळे. कल्पना एका वाक्यात सांगता येते. कालव्यांत आणि नद्यांत दिसणारी देशाची प्रतिबिंबेच फक्त चित्रित करायची, आणि कॅमेरा उलटा धरायचा, म्हणजे पाण्यातली उलटी पवनचक्की पडद्यावर सुलटी दिसेल. घरे, चर्चचे मनोरे, गायी, शिडाच्या होड्या अशा पोस्टकार्डांवर झिजून गेलेल्या सगळ्या डच गोष्टी येथे आहेत. परंतु त्या सरळ उभ्या असूनही मेणासारख्या वितळतात, लाटेबरोबर लांबतात आणि पुन्हा जुळून येतात. एखादे बदक पोहत गेले की अख्खे घर थरथरते. या लघुपटाला १९५१ मध्ये कान महोत्सवात लघुपटांसाठीचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला.

चित्रकाराची नजर येथे स्पष्ट दिसते. मला मात्र यात त्याहून महत्त्वाचे काही दिसते. पर्यटन खात्याच्या एखाद्या पुस्तिकेत शोभेल असा विषय घेऊन, त्यातली एकही वस्तू न बदलता, केवळ पाहण्याची जागा बदलून त्याला नवे करण्याची ही युक्ती हान्स्ट्रा यांनी पुढे प्रत्येक कंपनीच्या कामात वापरली.

प्रश्न: तेल कंपनीला चित्रपट काढण्याची गरज का वाटली?

शेल कंपनीचा चित्रपट विभाग १९३४ मध्ये लंडनमध्ये सुरू झाला आणि त्यामागे ब्रिटिश माहितीपट चळवळीचे प्रवर्तक जॉन ग्रीअरसन यांचा सल्ला होता. पेट्रोल ही अशी वस्तू आहे की एका पंपावरचे आणि दुसऱ्या पंपावरचे यांत सामान्य ग्राहकाला काडीचाही फरक दिसत नाही, त्यामुळे मालाची थेट स्तुती करून फारसे काही साधत नाही. त्यापेक्षा भूगर्भशास्त्र, विमानविद्या, इंजिनाचे कार्य, शेतीवरची कीड अशा विषयांवर उत्तम शैक्षणिक चित्रपट काढावेत, ते शाळा, महाविद्यालये आणि मंडळांना दाखवण्यासाठी द्यावेत आणि कंपनीचे नाव फक्त सुरुवातीला व शेवटी दिसावे, असे धोरण ठरले. हे धोरण दूरदृष्टीचे होते आणि धूर्तही होते. विज्ञान समजावून सांगणाऱ्यावर प्रेक्षक विश्वास ठेवतो, आणि तो विश्वास हळूहळू कंपनीच्या नावाला चिकटतो.

प्रश्न: शेलसाठी हान्स्ट्रा यांनी कोणते चित्रपट केले?

१९५०च्या दशकाच्या पूर्वार्धात त्यांनी तेलाच्या शोधावर एक मालिका केली. पृथ्वीच्या पोटात तेल कसे तयार होते, ते कसे शोधतात, पहिली चाचणी-विहीर कशी खोदतात आणि तेलक्षेत्र कसे चालते, असे तिचे टप्पे होते. ही कामे नेटकी आहेत, पण आज ती मुख्यतः अभ्यासकांनीच पाहावीत.

यांतले सर्वांत गाजलेले आणि आज सर्वांत अस्वस्थ करणारे काम म्हणजे १९५५ मधला 'न संपणारा लढा', ज्याची इंग्रजी आवृत्तीही जगभर फिरली. विषय आहे माणूस आणि कीटक यांच्यातील वैर. पिके खाणाऱ्या अळ्या, रोग पसरवणारे डास आणि आफ्रिकेच्या आकाशात उठलेली टोळधाड त्यात दिसते. टोळधाडीचे प्रसंग पाहताना आजही अंगावर काटा येतो. आधी क्षितिजावर एक करडा डाग दिसतो, मग हवेत काळी वाळू उडाल्यासारखे काहीतरी येते, आणि मग पडद्याचा कोपरा न् कोपरा फडफडणाऱ्या पंखांनी भरून जातो. या शत्रूवरचा उतारा म्हणून विमानांतून फवारली जाणारी कीटकनाशके दाखवली आहेत.

शेल त्या काळी आल्ड्रिन आणि डायल्ड्रिन ही कीटकनाशके बनवत होती. १९६२ मध्ये अमेरिकी जीवशास्त्रज्ञ रेचल कार्सन यांनी अशा रसायनांचे पक्ष्यांवर, माशांवर आणि माणसांवर होणारे परिणाम पुस्तकरूपाने मांडले आणि चित्र पालटले. २००१ च्या स्टॉकहोम करारात ज्या घातक रसायनांवर जगभर निर्बंध आणायचे ठरले त्यांच्या पहिल्याच यादीत ही दोन्ही नावे होती.

प्रश्न: मग तो चित्रपट खोटा होता असे म्हणायचे का?

पडद्यावरची टोळधाड खरी होती, नासलेली पिके खरी होती, आणि १९५५ मध्ये मलेरियाने मरणारी माणसेही खरी होती. चित्रपटात जे आहे त्यात खोटे काढता येत नाही. अडचण आहे ती जे नाही त्याची, म्हणजे फवारणी झाल्यानंतरच्या शेताची, ओढ्याची आणि घरट्याची. प्रायोजित माहितीपटाची सर्वांत मोठी मर्यादा हीच असते की त्याला खोटे बोलावे लागत नाही, फक्त कॅमेरा योग्य वेळी बंद करावा लागतो. हान्स्ट्रा यांना तेव्हा किती कळत होते या चर्चेत शिरण्याऐवजी एवढे म्हणणे पुरेसे आहे की त्यांची कलाकुसर जितकी सरस, तितका कंपनीचा युक्तिवाद अधिक पटणारा झाला. त्यांच्या चाहत्यांनी हे मान्य करायला हरकत नसावी.

प्रश्न: 'ग्लास' हा लघुपट काच कारखान्याची जाहिरात होता का?

हा प्रश्न सर्वाधिक विचारला जातो आणि त्याचे उत्तर जरा विस्ताराने देणे भाग आहे.

लेअरडाम हे तेव्हा दक्षिण हॉलंडमध्ये असलेले (आता उट्रेख्ट प्रांतातले) गाव काचेसाठी प्रसिद्ध आहे, आणि तेथील राजमान्य काच कारखान्याला आपल्या उत्पादनावर एक चित्रपट हवा होता. हान्स्ट्रा यांनी तो करून दिला. त्याचे नाव 'काचेविषयी बोलायचे तर', आणि काम देणाऱ्याला जे अपेक्षित असते ते सारे त्यात आहे. परंतु भट्ट्यांसमोर उभे राहून कारागिरांना पाहताना त्यांना जे दिसले ते त्या चौकटीत मावणारे नव्हते. म्हणून त्याच कारखान्यातून त्यांनी दुसरा, अवघ्या अकरा मिनिटांच्या आसपासचा रंगीत लघुपट तयार केला. त्यात निवेदन नाही, संवाद नाहीत, आकडेवारी नाही, मालाची यादी नाही. १९५८ मध्ये तयार झालेला हा लघुपट म्हणजेच 'ग्लास'.

दोन चित्रपटांची ही जोडी एकत्र ठेवून पाहण्यासारखी आहे. मागणीनुसार केलेले काम आज फारसे कोणाला आठवत नाही आणि त्याच्या कडेला उगवलेले काम जगभर दाखवले गेले. यातून कंपनीची चौकट म्हणजे कलेचा तुरुंग, असा निष्कर्ष काही जण काढतात, तो मला घाईचा वाटतो. मागणीचे काम नसते तर हान्स्ट्रा त्या भट्ट्यांपर्यंत पोचलेच नसते, तेथे दिवसच्या दिवस काढण्याची मुभा मिळाली नसती आणि कारागिरांना कॅमेऱ्याची सवयही झाली नसती. त्यांचे कौशल्य असे की ग्राहकाचे देणे चोख चुकते करून झाल्यावर जी मोकळीक उरे, ती ते वाया जाऊ देत नसत.

प्रश्न: 'ग्लास'मध्ये नेमके पाहण्यासारखे काय आहे?

आधी दिसतो तो तापलेला, नारिंगी, मधासारखा लोंबणारा काचेचा गोळा. लोखंडी फुंकनळीच्या टोकावर तो फिरत राहतो, कारण फिरणे थांबले की तो एका बाजूला ओघळेल. मग फुंकणाऱ्याचा चेहरा येतो. गाल फुगतात, डोळे किंचित बारीक होतात, बोटे नळीला सतत गोल फिरवत असतात. संगीत आहे पिम याकॉब्स यांच्या जॅझ पंचकाचे, आणि ते दृश्यांवर वरून पसरलेले नाही. कारागीर फुंकर घालतो तेव्हा जणू त्याच्या हातातले वाद्यच वाजते, अशा बेताने दृश्य आणि सूर एकमेकांत बसवलेले आहेत. फुंकनळी आणि सॅक्सोफोन यांत श्वासाचे नाते आहे, हे एकही शब्द न वापरता कळते. कारागिरांच्या चेहऱ्यांवर वादकांची समाधी लागलेली असते.

त्यानंतर चित्रपट एकदम बाटल्या बनवणाऱ्या स्वयंचलित यंत्राकडे वळतो. सूर बदलतो आणि ठोका एकसुरी होतो. एकसारख्या बाटल्या पट्ट्यावरून येतात आणि धातूचे पंजे त्यांना मानेला धरून उचलतात. एवढ्यात एका बाटलीची मान तुटते. पंजा रिकाम्या हवेला धरतो, बाटली जागच्या जागी उभी राहते, मागून येणारी तिच्यावर आदळते, तिच्यावर पुढची, आणि यंत्र मात्र काही घडलेच नाही अशा थाटात आपले काम चालू ठेवते. काचांचा खच पडतो. शेवटी माणसालाच यावे लागते. प्रेक्षक हसतो तो येथेच.

हा विनोद पाहून हान्स्ट्रा यांना यंत्रविरोधी ठरवण्याचा मोह होतो, पण यंत्राची दृश्येही त्यांनी तितक्याच प्रेमाने टिपली आहेत. त्यांना गंमत वाटते ती यंत्राच्या निर्विकारपणाची. चित्रपट पुन्हा कारागिरांच्या हातांकडे येतो तेव्हा त्या हातांतली प्रत्येक लहानशी दुरुस्ती आपल्याला आता वेगळ्या अर्थाने दिसते. फिरवण्याचा वेग जरा वाढवणे, नळी थोडी खाली झुकवणे, फुंकर अर्ध्यावर थांबवणे हे सारे आपण मघाशीही पाहिलेले असते, परंतु त्याची किंमत तुटलेल्या बाटलीनंतर कळते.

छायाचित्रण एदी फान डर एन्डन यांचे होते. संकलनात हान्स्ट्रा यांचा हात असे, आणि लयीचे श्रेय तिथेच द्यायला हवे.

प्रश्न: या लघुपटाला ऑस्कर कधी मिळाले?

४ एप्रिल १९६० रोजी झालेल्या सोहळ्यात, सर्वोत्कृष्ट लघुमाहितीपट या विभागात. डच चित्रपटाला मिळालेले हे पहिले ऑस्कर होते.

प्रश्न: कारखान्यांवर कलात्मक चित्रपट करणारे हान्स्ट्रा हे पहिलेच डच दिग्दर्शक होते का?

नाही. त्यांच्या जवळजवळ तीन दशके आधी योरिस इव्हेन्स यांनी फिलिप्स कंपनीसाठी आइंडहोव्हनच्या कारखान्यांवर एक चित्रपट केला होता. १९३१ मध्ये पूर्ण झालेला हा चित्रपट डच ध्वनिचित्रपटांच्या अगदी आरंभीचा आहे आणि फ्रान्समध्ये तो 'औद्योगिक सिंफनी' या नावाने ओळखला गेला. विशेष म्हणजे त्यातही काच फुंकणारे कामगार आहेत. रेडिओच्या व्हॉल्व्हसाठी आणि दिव्यांसाठी लागणारी काच ते फुंकतात, आणि त्यांचे फुगलेले, घामाने निथळणारे गाल कॅमेरा अगदी जवळून पाहतो.

दोन्ही चित्रपटांतली ही फुंकर शेजारी ठेवून पाहिली की दोन दिग्दर्शकांचे स्वभाव कळतात. इव्हेन्स डाव्या विचारांचे होते. त्यांच्या चित्रपटात गाल फुगतात तेव्हा श्रम दिसतात, छातीवर येणारा ताण दिसतो आणि हा माणूस असे दिवसभर करतो याची जाणीव होते. हान्स्ट्रा यांच्या चित्रपटात तेच गाल संगीत होतात. एकाला कामगार दिसला, दुसऱ्याला कलावंत. दोघांनाही पैसा कंपनीनेच दिला होता. मला स्वतःला हान्स्ट्रा यांचा लघुपट अधिक आवडतो, पण दिवसभर भट्टीपुढे उभे राहणाऱ्याला कोणता अधिक खरा वाटला असता, याबद्दल मी पैज लावणार नाही.

प्रश्न: सरकारी कामेही त्यांनी केली का?

केली, आणि त्यांचा बहुतेक विषय पाणी हाच होता. १९५२ मध्ये त्यांनी बांध बांधण्यावर माहितीपट केला. त्यानंतर काही महिन्यांतच, ३१ जानेवारी ते १ फेब्रुवारी १९५३ च्या रात्री, उत्तर समुद्राच्या भरतीने आणि वादळाने झीलंड व आसपासच्या प्रांतांतले बांध फोडले आणि नेदरलँड्समध्ये १,८३६ माणसे मृत्युमुखी पडली. त्या आपत्तीनंतर समुद्राची मुखे बंद करण्याची प्रचंड डेल्टा योजना हाती घेतली गेली. तिच्या पहिल्या टप्प्यावर हान्स्ट्रा यांनी १९६२ मध्ये माहितीपट केला.

याच ओळीतला पण वेगळ्या मनःस्थितीतला चित्रपट म्हणजे १९५५ मधला 'आणि समुद्र उरला नाही'. झायडरझे हा खाडीसमुद्र १९३२ मध्ये मोठा बांध घालून बंद करण्यात आला आणि तिथल्या कोळी गावांचे जगणे हळूहळू ओसरू लागले. देशाच्या अभियांत्रिकीचा अभिमान बाळगणारा हाच दिग्दर्शक त्या अभियांत्रिकीने काय पुसले हेही दाखवतो. १९६६ मध्ये 'पाण्याचा आवाज' या माहितीपटात ते पुन्हा याच विषयाकडे वळले, या वेळी अधिक खेळकरपणे.

प्रश्न: प्रायोजित कामे सोडून ते कथापटांकडे वळले तेव्हा काय झाले?

पहिल्याच प्रयत्नात उदंड यश आले. १९५८ मधला 'फानफारे' हा विनोदी चित्रपट खीटहोर्न या कालव्यांच्या गावात चित्रित झाला. गावातल्या बँड पथकात फूट पडते आणि दोन्ही गट एकाच स्पर्धेची तयारी करतात, एवढीच कथा. मराठी वाचकाला गावकीची भांडणे समजावून सांगावी लागत नाहीत. हा चित्रपट २६ लाखांहून अधिक डच प्रेक्षकांनी चित्रपटगृहांत पाहिला, आणि तोही देशाची लोकसंख्या सुमारे १ कोटी १० लाख असताना.

दुसरा कथापट १९६० मध्ये आला. ब्रसेल्समधल्या मानेकन पिस या प्रसिद्ध पुतळ्याच्या चोरीवरचा तो विनोदी चित्रपट आपटला. त्यानंतर हान्स्ट्रा पंधरा वर्षे कथापटाच्या वाटेला गेले नाहीत. १९७५ आणि १९७९ मध्ये त्यांनी आणखी दोन कथापट केले, पण लोकांनी त्यांना ओळखले ते माहितीपटांसाठीच.

प्रश्न: छुप्या कॅमेऱ्याचे तंत्र त्यांनी का वापरले?

कारखान्यातल्या कारागिराचे लक्ष कामात असते, म्हणून तो कॅमेऱ्याकडे पाहत नाही. रस्त्यावरच्या माणसाचे तसे नसते, कॅमेरा दिसला की तो सावरून उभा राहतो. त्यामुळे १९६२ मधल्या 'झू' या लघुपटात त्यांनी प्राणिसंग्रहालयात कॅमेरा लपवला आणि पिंजऱ्याच्या दोन्ही बाजूंचे चेहरे टिपले. जांभई देणारा प्राणी आणि जांभई देणारा पाहुणा पाठोपाठ आले की कोण कोणाला पाहत आहे हे सांगणे कठीण होते.

त्यातूनच १९६३ चा 'आलेमान' हा पूर्ण लांबीचा माहितीपट तयार झाला. नावाचा अर्थ 'प्रत्येक जण'. समुद्रकिनाऱ्यावर टॉवेलच्या आडोशाने कपडे बदलण्याची कसरत करणारी माणसे हा त्यातला सर्वांच्या लक्षात राहिलेला प्रसंग. डच निवेदन लेखक सीमॉन कारमिखेल्ट यांचे होते आणि इंग्रजी आवृत्तीला पीटर उस्तिनॉव्ह यांचा आवाज लाभला. १६ लाखांहून अधिक लोकांनी तो मायदेशात पाहिला, १९६४ च्या बर्लिन महोत्सवात त्याला माहितीपटासाठीचे सुवर्ण अस्वल मिळाले आणि पुढे ऑस्करसाठी नामांकनही.

न विचारता लोकांचे चित्रण करणे आजच्या नियमांत बसणारे नाही, आणि आक्षेप रास्त आहे. हान्स्ट्रा यांच्या बाजूने इतकेच म्हणता येईल की ते माणसांना हसतात तेव्हा त्यांची नाचक्की करत नाहीत. नंतरच्या काळात दूरचित्रवाणीवर छुप्या कॅमेऱ्याचे जे प्रकार आले त्यांत ही सभ्यता उरली नाही.

प्रश्न: फ्रेंच विनोदी चित्रपटांचे दिग्दर्शक व अभिनेते झाक ताती यांच्याबरोबर त्यांनी काम केले होते, हे खरे आहे का?

खरे आहे. १९७१ मध्ये प्रदर्शित झालेल्या 'ट्राफिक' या मोटारगाड्यांवरील विनोदी चित्रपटासाठी दोघे एकत्र आले होते. कथेतला प्रवास ॲमस्टरडॅमच्या मोटार प्रदर्शनाच्या दिशेने आहे. यंत्रांपुढे गोंधळलेल्या माणसाकडे ममतेने पाहण्याची खोड दोघांना सारखीच होती, पण काम करण्याच्या पद्धती जुळल्या नाहीत आणि हान्स्ट्रा मध्येच बाहेर पडले. दोन निरीक्षकांनी एकाच खिडकीतून डोकावले की खांद्याला खांदा लागणारच.

प्रश्न: उत्तरायुष्यात त्यांनी काय केले?

प्राण्यांच्या वर्तनाकडे ते अधिकाधिक ओढले गेले. १९७२ मध्ये प्राणी आणि माणूस यांच्या वागण्यातली साम्ये शोधणारा मोठा माहितीपट आला आणि त्यालाही ऑस्करचे नामांकन मिळाले. १९८४ मध्ये त्यांनी आर्नहेमच्या बर्गर्स प्राणिसंग्रहालयातल्या चिंपांझींच्या कळपावर माहितीपट केला. याच कळपाच्या निरीक्षणातून प्राणिवर्तनाचे डच अभ्यासक फ्रान्स द वाल यांनी चिंपांझींमधल्या सत्तासंघर्षाचा आपला प्रसिद्ध अभ्यास मांडला होता. 'झू'मधल्या पिंजऱ्यापासून येथवरचा प्रवास सरळ रेषेतला आहे.

प्रश्न: या साऱ्याचा भारताशी काही संबंध येतो का?

थेट हान्स्ट्रा यांच्याशी नाही, पण ज्या व्यवस्थेत ते घडले तिची एक शाखा मुंबईतही होती. बर्मा-शेल कंपनीची माहूल येथील रिफायनरी १९५५ मध्ये सुरू झाली. त्याच दशकात कंपनीच्या चित्रपट विभागाने कॅनडाहून आलेल्या जेम्स बेव्हरिज यांच्या देखरेखीखाली भारतीय खेड्यांवर आणि कलांवर माहितीपट करवून घेतले. हरिसाधन दासगुप्ता यांचा बंगालमधल्या पंचथुपी गावावरचा आणि फली बिलिमोरिया यांचा त्रावणकोरमधल्या खेड्यावरचा माहितीपट ही त्यांतली महत्त्वाची कामे. शाळेला, गावाला किंवा मंडळाला चित्रपट दाखवायचा आणि तेलाचे नाव हळूच शेवटी घ्यायचे, हे सूत्र येथेही तेच होते. सरकारने १९७६ मध्ये ही कंपनी ताब्यात घेतली आणि आज आपण तिला भारत पेट्रोलियम म्हणून ओळखतो.

प्रश्न: त्यांचे चित्रपट पाहायला सुरुवात कोठून करावी?

'ग्लास'पासून करावी, आणि तो लागोपाठ दोनदा पाहावा, दुसऱ्यांदा आवाज बंद करून. पहिल्या वेळी संगीत सारे वाहून नेते, दुसऱ्या वेळी दृश्ये किती ठिकाणी तोडली आणि जोडली आहेत ते दिसते. मग 'हॉलंडचा आरसा', त्यानंतर 'झू' आणि त्याला जोडून 'आलेमान'. शेलसाठी केलेला कीटकांवरचा चित्रपट शेवटी ठेवावा, कारण तोवर आपण या दिग्दर्शकाच्या प्रेमात पडलेले असतो आणि तो पाहताना ते प्रेम जरा सांभाळावे लागते. मूळ प्रतींचे जतन ॲमस्टरडॅमचे आय चित्रपट संग्रहालय आणि हिल्फरसमची ध्वनी व प्रतिमा संस्था यांच्यासारख्या ठिकाणी होते. 'ग्लास'ची चांगल्या रंगांतली प्रत मिळाली तरच पाहावा, कारण निस्तेज प्रतीत तो नारिंगी गोळा मातकट दिसतो आणि कारागीर इतक्या जपून का फिरवतो आहे तेच कळत नाही.